ती इस्त्री परत घेतली होती, काका

काका, वाद अर्धा टाकून तुम्ही गेलात. हे काही बरं केलं नाहीत. निदान माझं वाक्य तरी पुरं होऊ द्यायचं होतं.

काकू म्हणाल्या, मराठी मंडळाच्या अंकात तुमच्यावर सगळेच लिहितायत, तूही लिही. मी घाबरलो. म्हटलं, काकू, माझी शाळा आठवीत सुटली, ऱ्हस्व-दीर्घाची माझी बोंब आहे. त्या म्हणाल्या, "ते मी बघून घेईन. बाकीचे सगळे ह्यांना देवमाणूस करून ठेवणार आहेत. कुणीतरी ह्यांच्याशी भांडणारं नको का?" म्हणून लिहायला बसलोय. तुमचा कारखाना, तुमची बढती, निवृत्तीच्या दिवशीचा सत्कार हे सगळं बाकीचे लिहितीलच. मला त्या एकाच गोष्टीवर बोलायचं आहे, जी तुम्ही माझ्याकडून कधी ऐकून घेतली नाहीत.

तुम्हाला ती पाठ आहे. अंक वाचणाऱ्यांना नसेल, म्हणून सांगतो. मी दत्ता. गाव औशाच्या बाजूचं. आमच्या घरी पिढ्यानपिढ्या कपड्यांचंच काम, गावाला भाऊ अजून तेच करतो. वडिलांची पाठ गेली तेव्हा मी दप्तर ठेवलं आणि मामाच्या मागे बंगळुरूला आलो. आधी मारतहळ्ळीत मामाची गाडी ढकलली, मग बेळ्ळंदूरला तुमच्या अपार्टमेंटच्या पार्किंगमध्ये एक कोपरा मिळाला. टेबल, इस्त्री आणि असोसिएशनने दिलेला एक प्लग. त्या प्लगवर माझं घर चालतं. तो प्लग कुणी काढून घेईल ही भीती मला पहिल्या दिवसापासून आहे. तुम्ही हसायचात. "दत्तोबा, तू इस्त्रीचं दुकान काढलंस की काळजीचं?"

पहिल्या वर्षी मला कन्नड अजिबात येत नव्हतं. वॉचमन काय म्हणतो, बसवर काय लिहिलंय, काही कळायचं नाही. तुम्हीच म्हणालात, कपडे द्यायला वर येतोस तेव्हा दहा मिनिटं बसत जा. आणि शिकवलंत कशावरून, तर टीव्हीच्या बातम्यांखाली जी पट्टी सरकते तिच्यावरून! मी एक अक्षर लावेपर्यंत पट्टी पळून जायची. तुम्ही म्हणायचात, "थांब, येईल परत. यांच्याकडे दिवसभर एकच बातमी असते, हा तुझा फायदा." आणि खरंच ती परत यायची. पहिल्या फेरीत सुटलेलं अक्षर चौथ्या-पाचव्या फेरीत सापडायचं. बातम्यांच्या पट्टीवर कन्नड वाचायला शिकलेला माणूस या शहरात माझ्याशिवाय दुसरा नसेल.

त्या पट्टीत सगळ्यात जास्त नाव यायचं ते तुमच्या साहेबांचं, इथल्या नेत्याचं. नाव इथे लिहीत नाही. काकू म्हणाल्या, नको. तुमचे ते लाडके. टीव्हीवर ते कायम बाह्या दुमडलेले दिसायचे. खड्ड्यापाशी उभे, बाह्या दुमडलेल्या. शाळेत मुलांबरोबर जेवायला बसलेले, बाह्या दुमडलेल्या. तुम्ही म्हणायचात, "बघ, कामाचा माणूस." मी एकदा बोललो, "काका, त्या बाह्या हाताने दुमडलेल्या नाहीत, इस्त्रीने दाबून बसवल्यात. घरून निघतानाच." तुम्ही चष्म्यावरून बघितलंत. "मग काय, चुरगळलेला नेता पाहिजे तुला?" चुरगळलेला नेता कुणालाच नको असतो, हे खरं आहे. माझं तर पोटच त्यावर चालतं.

मग ते पाणी आलं. तळं भरून रस्त्यावर, रस्त्यावरून आपल्या पार्किंगमध्ये. लोकांचे कपडे मी गाठोडी करून तुमच्या हॉलमध्ये आणून टाकले. तेवढे वाचले. टेबल तरंगत भिंतीला जाऊन लागलं आणि इस्त्री पाण्याखाली गेली. मी गेटपाशी कमरेएवढ्या पाण्यात उभा होतो, तेव्हा साहेब आले. एका ट्रॅक्टरवर साहेब आणि त्यांच्या पुढच्या ट्रॅक्टरवर कॅमेरे.

कुणीतरी त्यांना सांगितलं की या माणसाची इस्त्री गेली. त्यांच्या माणसाने ट्रॅक्टरमधून एक खोकं काढलं. नवी इस्त्री, खोक्यावर चित्र होतं. साहेब पाण्यात उतरले, खोकं माझ्या हातात दिलं आणि दुसरा हात खांद्यावर ठेवला. काका, मी रडलो. ते रडणं खरं होतं, आजही खरंच म्हणतो. सकाळपासून मला कुणी "तुझं काय गेलं" असं विचारलं नव्हतं. त्या क्षणी मला तुमचे साहेब आवडले. हे मी तुम्हाला कधी सांगितलं नाही, कारण तुम्ही लगेच टाळी मागितली असतीत.

पण मग कॅमेऱ्याचा माणूस ओरडला की मधे कुणीतरी आलं, पुन्हा करा. खोकं माझ्या हातातून गेलं, परत आलं. परत खांद्यावर हात. मग दुसऱ्या चॅनलला राहिलं होतं, म्हणून तिसऱ्यांदा. तिसऱ्यांदा मला रडू येईना, तर तो म्हणाला, सर, याला मान खाली घालायला सांगा. घातली. मग साहेब चढले ट्रॅक्टरवर आणि त्यांच्या माणसाने माझ्यापुढे हात केला. "अण्णा, स्वल्प कोडी." जरा द्या. पुढच्या लेआउटमध्ये, म्हणजे पुढच्या वसाहतीत, लागणार आहे, तुमची उद्या पाठवतो. मी दिली. द्यायचीच की! त्याने माझा फ्लॅट नंबर विचारला. मी तुमचा सांगितला.

दुसऱ्या दिवशी वीज आली आणि तुम्ही जिन्यातून हाका मारायला लागलात. "दत्ता! अरे वर ये, तू टीव्हीवर!" मी इस्त्री आली असेल म्हणून धावत वर आलो. पडद्यावर मी, खोकं आणि साहेबांचा हात. तेवढंच पुन्हा पुन्हा, मागे सनई. खाली पट्टी. तुम्हीच शिकवलेली अक्षरं मी स्वतः लावली: कण्णीरु ओरेसिद नायक. अश्रू पुसणारा नेता.

"काका, ती परत घेतली."

"कुणी?"

"त्यांच्याच माणसाने. पुढच्या लेआउटला लागणार म्हणून."

"काहीतरीच. मी आत्ता बघितलं, तुझ्या हातात होती."

"हातात होती हो, पण नंतर…"

"हे बघ, परत दाखवतायत. बघ नीट. कुणाच्या हातात आहे?"

"माझ्याच."

"मग?"

मी पाण्यात उभा होतो, तुम्ही सोफ्यावर बसला होतात, आणि तुमच्याकडे पुरावा होता! काकू स्वयंपाकघरातून म्हणाल्या, "अहो, तो तिथे होता." तुम्ही म्हणालात, "अगं, मीही बघतोच आहे की."

तुम्ही एकटेच असता तर मी सोडून दिलं असतं. पण सगळ्या बिल्डिंगने ते बघितलं होतं. असोसिएशनने वॉचमन आणि झाडूवाल्या बायकांना नव्या गाद्या, शेगड्या दिल्या, यादीतून माझं नाव काढून टाकलं. "याला खुद्द साहेबांनी दिलीय." पोरं मला "कण्णीरु अण्णा" म्हणायला लागली. लिफ्टमध्ये माणसं विचारायची, काय रे, साहेबांची इस्त्री कपडे जाळत नाही ना? मी सांगायला लागलो की घड्याळ बघायची. खरी गोष्ट सांगायला वेळ लागतो. टीव्हीवरची तेवढ्यात दोनदा होऊन जाते.

आणि मग तुम्ही काय केलंत? माझ्यावर विश्वास न ठेवता घरातली स्वतःची इस्त्री काढलीत. ती जुनी, वजनदार, जी काकूंना उचलायची नाही. माझ्या टेबलावर आणून ठेवलीत. "घे. चालव." एवढंच. मी म्हटलं, काका, तुम्हाला जर वाटतं मला मिळालीय, तर ही कशाला देता? तुम्ही म्हणालात, "तोंड बंद ठेव आणि माझे शर्ट आधी कर."

मग प्रत्येक मीटिंगमध्ये कुणीतरी माझ्या कोपऱ्याचा विषय काढायचं. तिथे बाइक लागतील, विजेचं बिल, बाहेरचा माणूस. प्रत्येक वेळी तुम्ही उठायचात. वॉचमनने मला सांगितलंय, एकदा तुम्ही टेबलावर एवढ्या जोरात हात आपटलात की सेक्रेटरीचा चहा सांडला. मला तुम्ही यातलं काही बोलला नाहीत. मला फक्त साहेबांबद्दल ऐकवायचात.

"तू त्यांना पाच मिनिटं बघितलंस. मी इतकी वर्षं बघतोय."

"कुठे बघताय काका?"

"टीव्हीवर," म्हणालात, आणि स्वतःच हसलात. पण लगेच बोट वर केलंत. "हसू नको. नाला रुंद झाला की नाही? बोल. पुढच्या पावसात पाणी आलं का?"

नाही आलं. नाला झाला, ते मी मान्य केलं होतं आणि आजही करतो. नाल्याचं श्रेय त्यांना द्या. इस्त्रीचं नका देऊ. एवढंच तर माझं म्हणणं होतं. पण तुम्हाला माणूस अख्खा लागायचा. एक तर चांगला, नाही तर वाईट. अर्धा चांगला माणूस टीव्हीवर दिसत नाही म्हणून असेल.

मग तुम्ही गेलात. काकूंनी विचारलं, कोणता शर्ट घालायचा? मी म्हटलं, फिकट निळा. त्यात तुम्ही भांडायला बरे दिसायचात. कॉलर मी जरा जास्त कडक केली.

तेरावा झाला आणि दोनच दिवसांत सेक्रेटरी माझ्या टेबलापाशी आला. निवडणूक जवळ आलीय. चॅनलवाल्यांना तो पाण्यातला इस्त्रीवाला परत हवा होता. "दत्ता, थँक्यू-वँक्यू बोल देना दो शब्द. बिल्डिंगचंही नाव येईल." तो जाता जाता प्लगकडे बघून म्हणाला, "काका होते तोवर ठीक होतं. आता तुझं नव्याने बघावं लागेल ना?"

तुम्ही असता तर मी वर पळत आलो असतो. तुम्ही मला म्हणाला असतात, बोल की, खोटं काय आहे त्यात! आणि त्याच दमात खाली येऊन सेक्रेटरीला झापलं असतंत. आता दोन्हीपैकी काहीच होणार नव्हतं. काकूंना त्रास द्यायची माझी हिंमत नव्हती. सकाळपासून मी कपड्यांवर वाकून पुटपुटत होतो, दोन शब्द, दोन शब्द. एक पँट थोडक्यात जळता जळता वाचली.

बातमीदार मुलगी लहान होती, माझ्या भाचीएवढी. चांगली होती, आधी पाणी मागून प्यायली. माइक पुढे केला. "अण्णा, साहेबांनी दिलेली इस्त्री अजून चालते का?"

काका, तुमच्या कन्नडमध्ये सांगितलं. एकही शब्द हिंदी घातला नाही. म्हटलं, साहेबांनी दिली नाही, दाखवली. मग परत नेली. ही इस्त्री आमच्या काकांची आहे, ते नुकतेच गेले.

तिने माइक खाली केला. कॅमेऱ्याच्या माणसाकडे बघितलं. "अण्णा, असं नको. नुसतं चालते एवढं म्हणा."

मी तेच परत म्हटलं. तिने परत विचारलं, मी परत तेच म्हटलं. त्या पाण्यात माझ्याकडून त्यांनी तीनदा करून घेतलं होतं. मला तीनदा करता येतं.

"सरी, ठीक आहे," ती म्हणाली. "मग तुम्ही इस्त्री करा, आम्ही थोडं शूट करतो." मला वाटलं, सुटलो. केली इस्त्री.

संध्याकाळी काकूंनी मला वर बोलावलं. तुम्ही गेल्यापासून टीव्ही लावला नव्हता, तो लावला. एका बाजूला तो जुना रडणारा मी, दुसऱ्या बाजूला आजचा, तुमची इस्त्री हातात घेतलेला. मधोमध साहेब. माझे ओठ हलत होते आणि आवाज निवेदकाचा येत होता. साहेबांनी दिलेल्या इस्त्रीने आयुष्य कसं उभं राहिलं, वगैरे. पट्टी सरकली: अंदु कण्णीरु, इंदु नगु. तेव्हा अश्रू, आज हसू. मी हसलो नव्हतो, काका. वाफेने डोळे बारीक होतात, तेवढंच.

पडद्यावर तुमची इस्त्री जवळून दाखवली तेव्हा काकू म्हणाल्या, "त्या मुठीला ह्यांनी काळी पट्टी गुंडाळली होती. दिसतेय की." आणि टीव्ही बंद केला.

सकाळी सेक्रेटरी आला तो हसतच. पाठीवर थाप. "शाबास! बढिया बोला. प्लगची काळजी सोड आता."

बघा काका, कसं झालं ते. मी खरं बोललो होतो आणि टीव्हीने माझ्या वतीने खोटं बोलून माझा प्लग वाचवला होता. मला आता काहीच करायचं नव्हतं, फक्त गप्प बसायचं होतं. आणि गप्प बसणं मला येतं, या शहरात मी त्याच्यावरच टिकलोय. मी पुढचा शर्ट घेतला, बाही पसरली. पण इस्त्रीची मूठ हातात होती ना. ती काळी पट्टी.

"सर, मी तसं बोललो नव्हतो."

"म्हणजे?"

"मी म्हणालो, साहेबांनी परत नेली. ही काकांची आहे."

"टीव्हीवर तर…"

"टीव्हीवर माझा आवाज होता का?"

तो विचारात पडला. खरंच पडला, मी बघितलं. जन्मात पहिल्यांदा कुणीतरी त्या बातमीकडे विचार करून बघत होतं. पण मग म्हणाला, "मग तू बोललास कशाला?" आणि दुपारी इलेक्ट्रिशियन येऊन प्लगचा बोर्ड काढून गेला. कोपरा बाइकसाठी पाहिजे म्हणाले.

मी टेबलावरचे कपडे बांधत होतो. तेवढ्यात वरून, तुमच्या बाल्कनीतून, एक वायर खाली यायला लागली. पिवळी, जाड, गॅलरीच्या कठड्यावरून हळूहळू. मग लिफ्टमधून काकू आल्या, हातात एक्स्टेन्शनचा डबा. तुमची गाडी मागच्याच आठवड्यात विकली, ती जागा रिकामी होती. त्या तिथे जाऊन उभ्या राहिल्या. "टेबल आण इकडे."

सेक्रेटरी धावत आला. "मॅडम, असं चालणार नाही."

"पार्किंग माझं. मीटर माझा. वायर माझी," काकू म्हणाल्या. "आणखी काय विचारायचंय?"

त्याला विचारायचं खूप होतं, पण तो आल्या वाटेने परत गेला. पुढच्या मीटिंगमध्ये विषय निघेल, मला माहीत आहे. पण मी आता तुमच्या गाडीच्या जागेवर उभा आहे आणि जो कपडे घेऊन येईल त्याला सांगतो. घड्याळ बघितलं तरी सांगतो. कपडे द्यायला वर गेलो की दारात सांगतो. चॅनलला घरोघरी एकदम जाता येतं, मला एकेक मजला चढावा लागतो. चढतो.

काल मी काकूंना विचारलं. बरेच दिवस विचारायचं होतं. "काकू, काकांना शेवटी तरी पटलं होतं का?"

त्या शेंगा सोलत होत्या. वर न बघता म्हणाल्या, "नाही रे. त्यांना वाटायचं, तू ती इस्त्री गावाला भावाला पाठवलीस. मला सांगायचे, त्याला विचारू नकोस हं, बिचाऱ्याला लाज वाटेल."

मी जिन्यात येऊन बसलो, काका.

म्हणजे मी तुमच्या लेखी खोटारडा होतो. आणि त्या खोटारड्यासाठी तुम्ही घरची इस्त्री काढून दिलीत, मीटिंगमध्ये भांडलात, माझी लाज झाकलीत. असे उपकार कसे मानायचे, कुणी शिकवलं नाही. यावर रागवायचं कसं, तेही माहीत नाही. मी दोन्ही करतोय. हात जोडतोय आणि भांडतोय. तुमच्या साहेबांना मत द्यायचं की नाही, ते मी नाल्याकडे बघून ठरवीन, टीव्हीकडे बघून नाही. पण तुमच्यापुढे मला माझं वाक्य पुरं करायचं आहे, आणि या वेळी तुम्ही "मग?" म्हणून मधे तोडू शकत नाही.

मी गावाला काही पाठवलं नाही, काका. माझ्याकडे काही आलंच नव्हतं.